जानकीचा दुसरा भाग

घोटावडे,
आषाढ वद्य पंचमी, शके १८४८

तानूबाई, जरा इकडं तोंड कर. तुझ्यावरनं हात उतरून कानशिलांवर बोटं मोडलीत, दहाच्या दहा वाजली. आता पत्र.

तू उन्हाळ्याच्या सुट्टीत ठेवून गेलीस ते रेल्वेच्या गार्डबाबाचं पुस्तक काल पुरं झालं. वाटलं होतं आठ दिवस लागतील, लागले बावीस. माझं वाचणं तुला ठाऊक आहे. लहानपणी देवळातल्या पंतोजींपुढं दोन पावसाळे बसले तेवढीच माझी शाळा, तिसऱ्या पावसाळ्याआधी लग्न झालं. पुढं वर्षाकाठी श्रावणात एक पोथी, तीही निम्मी पाठ, त्यामुळं मी वाचते की म्हणते हे माझं मलाच कळायचं नाही. हे पुस्तक काही पाठ नव्हतं. पहिल्या दहा पानांत एकेका अक्षरापाशी थांबून रामराम घालावा लागला. मग मात्र सुटले. तू दिलेली चाळशी नाकावरनं घसरते म्हणून दोऱ्यानं मानेमागं बांधली आहे, तुझा बाप म्हणतो बैलाला म्होरकी घातल्यागत दिसतेस.

आवणी उरकली, बायांना दुपारची सवड झाली. मी एकटी ओठ हलवत बसलेली बघून शेजारची साळूबाई म्हणाली, "सारजाबाय, एकलीच पोथी वाचताय व्हय? मोठ्यानं वाचा की, आमच्या बी कानावं पडंल." मग काय, रीतसर पोथी लावली. अंघोळ करून पाट मांडला, पाटावर तांबडं फडकं, फडक्यावर गार्डबाबा. हळदकुंकू वाहिलं. साळूबाई आणि रंभाबाई धरून सात-आठ बाया यायच्या, आल्यावर मूठभर तांदूळ पाटापुढं ठेवायच्या. पावसानं मेंढरं कोंडून पडलीत म्हणून धुळाजी धनगरही दाराशी लोकर कातत बसायचा.

तानू, मला इतकी वर्षं वाटायचं की पुस्तकात देव असतात, राजे असतात, नाहीतर होऊन गेलेले साधू असतात. हा बाबा नुसता हिरवं निशाण दाखवणारा माणूस. त्याची आई वारली तेव्हा त्याची गाडी कर्जतला उभी होती आणि त्याला उतरता आलं नाही, एवढंच एका अध्यायात आहे. पण आमच्या सगळ्या बाया रडल्या. रंभाबाईला कोडं पडलं की एवढ्या नोकरीत त्याला लिहायला सवड कधी मिळाली. मला वेगळंच कोडं पडलं. आपलं आपण लिहायचं, घरातलं लिहायचं, आणि कुणी रागवत नाही? अशी आणखी पुस्तकं असतात का गं? असतील तर भिकूच्या गाडीनं धाड. तो भाताचं पोतं घेऊन दर आठवड्याला पुण्याला येतोच.

कडू शेवटी सांगते. तुझ्या बापाच्या मनात जवळच्या चांद्याच्या गेणबाचं घर भरलंय. त्याचा थोरला मुलगा चांगला आहे, मी बघितलाय, मान खाली घालून काम करतो. पण गेणबानं सांगून धाडलंय की मुलीची शाळा आत्ताच सुटली पाहिजे, मास्तरीण सून आमच्याकडं चालायची नाही. माझा हैबत म्हणतो गौरी गेल्या की पुण्याला जातो आणि पोरीला घेऊन येतो. मी म्हटलं, अरे, तुझी बायको गेल्यावर ही पोर मी वाढवली, मला विचारशील की नाही? तो म्हणाला, विचारतोय की. आणि बैल सोडायला निघून गेला. हे असं विचारणं.

तुझी आजी

*

पुणे, बोर्डिंग,
ता. ६ ऑगस्ट १९२६

लाडक्या आजी,

तुझ्या पत्राला हळदीचा वास होता आणि पुस्तकाला हळदच होती. लायब्ररीच्या बाईंनी ते माझ्यापुढे धरून विचारलं, हे काय? मी म्हटलं, आमच्या गावी गार्डसाहेबांची पूजा झाली. बाईंनी फडक्यानं पुठ्ठा पुसला. मग म्हणाल्या, आजींना सांगा, पूजा पाटाची करा, पुस्तकाची नको. तेवढं सांभाळ, नाहीतर मला पुस्तकं मिळायची नाहीत. ती इथल्या मुलींच्याच नावावर देतात, बाहेरच्या कुणाला देत नाहीत.

अशी पुस्तकं पुष्कळ आहेत, आजी. मला तर इथं आल्यावर पहिला महिनाभर कपाटांपुढे उभं राहून नुसती नावं वाचावीशी वाटत. काही पुस्तकांत माणसं स्वतःची हकीकत सांगतात, गार्डसाहेबांसारखी. काही खरी घडलेली पण दुसऱ्यानं लिहिलेली. आणि कादंबरी म्हणजे सगळं मनानं रचलेलं, त्यातली माणसं कुठं नसतातच. आज पाठवते ती खरी घडलेली गोष्ट आहे. रत्नागिरीकडचा एक खलाशी गलबत फुटल्यावर अकरा दिवस होडीत एकटा होता.

आबांचं वाचलं. माझी शेवटची परीक्षा मार्चमध्ये आहे. ती दिली की मी पक्की मास्तरीण, कुठंही शाळा मिळेल. आत्ता उठून आले तर दोन वर्षं गेली ती गेलीच, पुन्हा नाव घालत नाहीत. लग्नाला मी कधी नाही म्हटलं नाही. फक्त मार्चपर्यंत थांबा म्हणते. एवढं आबांना वाचून दाखव. माझ्या तोंडून त्यांच्यापुढे शब्द फुटत नाही, तुला माहीत आहे.

तुझी तानू

*

घोटावडे,
श्रावण शुद्ध अष्टमी

तानू, माझ्या सोन्या,

तुझ्या बाईंना सांग, आता हळदकुंकू पाटाला आणि पुस्तकाला नुसता नमस्कार. त्या शहाण्या दिसतात. दुसरी कुणी असती तर ओरडली असती.

तुझं पत्र हैबतला वाचून दाखवलं. शेवटची ओळ दोनदा वाचली, तो म्हणाला, पुन्हा वाच. मग म्हणाला, "माझ्यापुढं शब्द फुटत न्हाई म्हणती, आन पत्रात बरा फुटतोय." बस, तेवढंच. गौरीनंतर जाण्याचं काही सोडलेलं नाही. माझ्या बोलण्यानं तो हलायचा नाही, लहानपणी एकदा रुसून तीन दिवस उंबराच्या झाडावर जेवला होता.

आता तुझ्या खलाशाची दशा ऐक. आमच्यात कुणाचाही त्याच्यावर विश्वास बसला नाही. मी दहादा सांगितलं, नातीनं लिहिलंय, हे खरं घडलंय. धुळाजी म्हणाला, "अकरा दिस? माझं मेंढरू तीन दिसात पाय खोडतंय. तुमच्या नातीला कुनीतरी थापा मारल्यात." खलाशी टोपीत पावसाचं पाणी धरून पितो ना, तिथं तर धुळाजी उठूनच उभा राहिला. म्हणाला, टोपीत पाणी ऱ्हात असतं तर मी हंडा कशाला बाळगला असता. दुसऱ्या दिवशी येताना आपली टोपी घेऊन आला आणि पागोळीखाली धरून बसला. टोपी गळाली. झालं, खलाशी खोटा ठरला. रंभाबाई मात्र म्हणाली, खोटं असलं तरी वाचा, पोथी अर्धी ठेवू नये. म्हणून पुरी केली, नारळ फोडला, आणि नारळ खाताना सगळे खलाशाला नावं ठेवत होते.

मला मात्र तो आवडला गं. नवव्या दिवशी तो गावातल्या लोकांची नावं एकेक करून मोठ्यानं घेतो, का तर विसरू नयेत म्हणून. मी पण काल परड्यात बसून घेऊन बघितली. शंभरावर गेली. मेलेली धरून.

आता गंमत. तुझा बाप माजघरात येत नाही, बायांची पोथी म्हणतो. पण दुपारी नेमका ओटीवर अंबाडीचा दोर वळायला बसतो. पहिल्या दिवशी दोन कासरे होतील एवढा वळला. खलाशाच्या होडीत मासा येऊन पडला त्या दिवशी बघितलं तर जेमतेम हातभर दोर. मी काही बोलले नाही. बोलले असते तर शेतावर जाऊन बसला असता.

आता एक कादंबरी धाड. रचलेलीच धाड, म्हणजे भांडायला नको. जरा मोठी असू दे. आणि रडायला येईल अशी असू दे, साळूबाईची मागणी आहे.

आजी

*

पुणे,
ता. २४ ऑगस्ट १९२६

लाडक्या आजी,

कादंबरी पाठवते आहे. जानकी नावाच्या कोष्ट्याच्या सुनेची आहे. ही दोन भागांत आहे. सध्या पहिलाच पाठवते, दुसरा एका मुलीनं नेलेला आहे. तो कधी मिळेल ते सांगता येत नाही.

इथं आता आम्हाला लहान मुलांच्या वर्गावर पाठ घ्यायला लावतात. पहिल्या दिवशी मी वर्गाच्या दारातच थांबले. मग मी मनात म्हटलं, आजी सात बाया आणि एक धनगर सांभाळते, मला चाळीस मुलं का जमू नयेत?

आबा दोर कसा वळतात ते मला कळवत जा. रोजचं कळव.

तानू

*

घोटावडे,
श्रावण वद्य चतुर्दशी

तानू,

आशीर्वाद आहेतच, पण आधी माझं ऐक. काय करून ठेवलंस हे?

बावीस दिवसांची मी, दहा दिवसांत एवढं जाड पुस्तक वाचलं. दुपारी वाचायचे, आणि पुढचं पान सकाळीच चुलीपुढं एकदा घोकून ठेवायचे, म्हणजे बायांपुढं अडायला नको. भाकरी करपल्या दोनदा. जानकी आल्यापासून माजघर पुरेना. वरच्या आळीतल्या बाया यायला लागल्या. मी पहिल्याच दिवशी सांगितलं की ही कादंबरी आहे, ही बाई कुठं नाही. साळूबाई पुढं सरकली. म्हणाली, "न्हाई कशी? तिचं दूध उतू गेलं ते लिवलंय, डाव्या पायाचं जोडवं सैल व्हतं ते लिवलंय. रचणारा कशाला जोडव्यापातुर जाईल? कुनीतरी बघितल्याबिगर हे व्हत न्हाई. समुद्रात काय, कुनी बघाया गेलं नव्हतं, तितं काय बी सांगावं." आणि सगळ्यांनी माना डोलावल्या. तानू, तुझी दोन वर्षांची शाळा एका बाजूला आणि साळूबाईचं जोडवं एका बाजूला, मी आपलं पान उलटलं.

नवरा बसऱ्याच्या लढाईवर गेलेला, त्याची पत्रं सासरा दडवून ठेवतो, आणि नथ चोरल्याचा आळ जानकीवर, हे वाचलं त्या दिवशी रंभाबाई आपल्या सासऱ्याशी बोलली नाही. तो बिचारा आजारी माणूस, त्याला काय माहीत. धुळाजीनं बिरोबाला नारळ बोलला, नथ सापडू दे म्हणून. साळूबाई जानकीसाठी सोमवार धरते.

आणि काल काय झालं? भर पुरात जानकी मूल पोटाशी धरून होडीत बसली, नावाड्यानं दोर सोडला, आणि पुस्तक संपलं. खाली लिहिलंय, भाग पहिला समाप्त. मी पान उलटलं, तर कोरा पुठ्ठा. कुणी उठेना. मी पुस्तक बांधायला घेतलं तर रंभाबाईनं माझा हात धरला, की अर्धी पोथी बांधता येत नाही. म्हणून ते तसंच पाटावर उघडं आहे. आज सकाळी धुळाजीची शेळी गाभडली आणि साळूबाईच्या हातून पाण्याचा डेरा फुटला. गावभर झालंय की सारजाबाईनं पोथी अर्धी ठेवली. नदीवर बाया अंग चोरून मला वाट देतात, इतकं झालंय.

पण सगळ्यात वाईट कोण सांगू? तुझा बाप. सकाळी म्हणाला, मी असलं काही मानत नाही. दुपारी भिकूला गाठून म्हणाला, तो दुसरा भाग कुणा पोरीनं नेलाय तिचा पत्ता काढ. संध्याकाळी जेवताना मला विचारतो, "आये, नावाडी भला व्हता का बुरा? तुला काय वाटतं?" मी म्हटलं, तू कधी ऐकलंस रे, तू तर दोर वळत होतास. तर म्हणाला, कानाला दार असतंय का. दोर म्हणशील तर चार दिवसांत एक वीत झालाय. आणि तो पण सैल.

पण तानू, याचा अर्थ तू वेगळा लावू नकोस. जानकी जानकीच्या जागी आणि तू तुझ्या जागी. चांद्याहून परवा गेणबा स्वतः येऊन गेला. पानसुपारी झाली. हैबतनं शब्द दिला नाही, पण नाहीही म्हणाला नाही. गौरी उठल्या की तो निघणार, तुझी पेटी आणायला भिकूची गाडी मागनं येणार, हे माझ्या देखत ठरलंय. मी रात्रंदिवस त्याच्याशी भांडून दमले. माझं म्हातारीचं एवढंच, की तू त्याच्यापुढं रडू नकोस. रडणाऱ्याला तो लगेच उचलून घरी आणतो, वासरू असो नाहीतर लेक. काय सांगायचं ते उभं राहून सांग.

आजी

*

पुणे,
ता. १९ सप्टेंबर १९२६, रविवार

लाडक्या आजी,

परवा शुक्रवारी आबा आले. आणि एकटेच परत गेले. हे तुला आता कळलंच असेल, पण का गेले ते मला कळलेलं नाही. म्हणून सगळं लिहिते.

शाळा सुटल्यावर मी बोर्डिंगवर आले तर आबा व्हरांड्यात बाकावर बसलेले, पागोटं मांडीवर. किती वेळ बसले होते कोण जाणे. मी काय काय पाठ करून ठेवलं होतं, आजी. तुझं ऐकून उभी राहिले. आबा पहिलं वाक्य बोलले ते असं, "दुसरा भाग आला का?"

मला सगळं पाठ केलेलं विसरायला झालं. मी म्हटलं, मिळू शकतो. पण तो माझ्या नावावर मिळतो, नाव कमी केलं तर मला पुढं एकही पुस्तक मिळणार नाही. आबा म्हणाले, व्हय, आयनं सांगितलंय. मग बराच वेळ पागोटं फिरवत बसले. मग म्हणाले, "तू आत्ता घरी आलीस तर तुझ्या शिकण्याला हितं काय म्हणत्यात?" मी म्हटलं, अर्ध्यात सोडलं म्हणतात, आबा. पुन्हा घेत नाहीत.

त्यांनी पागोटं डोक्यावर चढवलं. मला वाटलं आता पेटी भर म्हणतील. तर म्हणाले, "जा. घिऊन ये पुस्तक." मी आत जाऊन आणलं. त्यांनी ते उपरण्यात नीट बांधलं, उठले, आणि जिन्याशी थांबून, माझ्याकडे न बघता म्हणाले, "फागुनात परीक्षा झाली की गाडी धाडीन. तवर न्हाई." मी चांद्याचं विचारलं तर म्हणाले, ते माझं मी बघतो. पाणीही न घेता गेले.

आजी, ते रागावले आहेत का? मला फार भीती वाटते आहे. त्यांच्या तोंडाकडे बघून काही कळत नव्हतं. नीट विचार आणि लवकर कळव.

तानू

*

घोटावडे,
भाद्रपद वद्य द्वादशी

तानूबाई मास्तरीण,

पंधरा दिवस तुला उत्तर दिलं नाही म्हणून रागावली असशील. पण जानकी पुरी झाल्याशिवाय लेखणी धरायची नाही असं ठरवलं होतं. काल झाली. पितृपक्षात पोथी नको असं कुणीतरी म्हणालं, तर गुरवानं निवाडा दिला की नवी लावू नये, राहिलेली पुरी करायला हरकत नाही. गुरवाची बायको पहिल्या दिवसापासून ऐकायला बसते, त्याला दुसरा निवाडा करून घरी जाता आलं नसतं.

आता तुझ्या बापाचं. शनिवारी दिवस कलायला घरी आला. पायावर पाणी घेतलं, उपरणं सोडलं, पुस्तक पाटावर ठेवलं, आणि मग मला म्हणाला, "आये, तुझी नात चाळीस पोरांना गप बसवती."

झालं होतं असं. तो पुण्यात पोचला भर दुपारी. तुझ्या शाळेच्या शिपायानं सांगितलं, तानूबाई वर्गावर आहेत, बसा. हा तिथंच खिडकीखालच्या पायरीवर बसला. आत तू पोरांना त्या खलाशाची गोष्ट सांगत होतीस. होडी, पाऊस, टोपी, सगळं. हैबत म्हणाला, आधी आवाज ओळखू आला नाही, वाटलं आयच बोलतीया. मग त्यानं उठून खिडकीतनं बघितलं. एक पोर हलत नव्हतं म्हणे. एकाच्या नाकावर माशी बसली होती, तरी नाही. माझ्यापुढं हे सांगताना त्याचे हात दोर वळल्यागत हवेतच फिरत होते. म्हणाला, "माझी दोन बैलं मला ऐकत न्हाईत, आये. चार हाका माराव्या लागत्यात. आन ती कसं बोलती तर हळू." आणि पुढं म्हणाला, त्या धुळाजीला सांग, पुण्याच्या चाळीस पोरांनी खलाशी खरा धरलाय.

घंटा झाली तशी तो तुला दिसू नये म्हणून तिथनं निघाला आणि बोर्डिंगवर जाऊन बसला. तुला म्हणून कळलं नाही. रागावलाय म्हणतेस? अगं, तो त्या दिवसापासून भेटेल त्याला सांगतोय. पिरंगुटच्या बाजारात बी-बियाणं घ्यायला गेला, आणि दुकानदाराला तुझी चाळीस पोरं सांगून आला, बी आणायचं विसरला.

आता माझं तुझ्याशी भांडण. दुसऱ्या भागाच्या मागच्या पुठ्ठ्याला आतनं एक कागद डकवलेला आहे. कुणी कधी पुस्तक नेलं ते त्यावर आहे. तुझ्या बाईंचं अक्षर सुबक आहे, मला चाळशीशिवाय लागलं. शेवटचं नाव तानूबाई, आणि तारीख २३ ऑगस्ट. पहिल्या भागावरही तीच. म्हणजे दुसरा भाग नेणारी ती मुलगी तूच. तुझ्याच पेटीत ते पुस्तक पडलेलं, आणि मी इथं गावाची बोलणी खातेय, नदीवर बाया मला वाट देतायत, साळूबाई उपास करून वाळलीय. मी तो कागद वाचला तेव्हा आधी मला तुझा कान धरावासा वाटला. मग हसू आलं ते आवरेना. साळूबाईनं विचारलं काय झालं, मी म्हटलं, नथ सापडली.

हैबतला हे सांगायचं नाही असं मी ठरवलं. म्हटलं, पोरीनं फसवलं असं कळलं तर पुन्हा बिनसायचा. पुस्तक मीच बांधायचे, मीच सोडायचे, मागचा पुठ्ठा कुणाला दिसू द्यायचे नाही. आपल्याकडं तो कागद वाचणारं दुसरं कोण आहे म्हणा, पण मनाची भीती. असे दहा दिवस काढले. परवा तो शेजारी बसून मी पुस्तक बांधताना बघत होता. म्हणाला, "आये, काय दडवतीस? पेटीतनं काढलं तिनं. म्या बघितलं."

बोर्डिंगचं दार उघडं होतं ना. तू आत गेलीस ती सरळ पेटीपाशी, लुगडी बाजूला केलीस, पुस्तक काढलंस, आणि वर पदरानं पुसलंस. सगळं त्याला बाकावरनं दिसत होतं. मी म्हटलं, मग तिथंच का बोलला नाहीस? पुस्तक घ्यायचं होतंस, पोरीला घ्यायचं होतंस, यायचं होतंस निघून, कुणी अडवलं होतं? तर तुझा बाप मला म्हणाला, "कुनी न्हाई. पर माझ्यापुढं तोंड न उघडणाऱ्या पोरीनं आठ कोस लांबीचा दोर टाकून मला पुण्याला वढून न्हेलं. असली हुशारी गेणबाच्या चुलीत घालू व्हय? शिकू दे की पुरं."

चांद्याला निरोप त्यानंच दिला. फाल्गुन झाला की या, आणि तेव्हा मुलीलाच विचारा, ती मास्तरीण असेल. गेणबा काय म्हणाला ते भिकूनं मला सांगितलं, पण पत्रात लिहिण्यासारखं नाही.

आता काल. जानकी पैलतीराला लागली, नावाडी भला निघाला, हैबतनं मांडीवर थाप मारली. नवरा सहा वर्षांनी परत येतो तेव्हा जानकीचे स्वतःचे दोन माग असतात आणि ती त्याला आधी तोंड धू म्हणते, मग बस म्हणते. रडायचं ते सगळे तिथं रडले. हैबत माजघरात बसला होता, बायांच्या मागं, भिंतीला टेकून. येताना त्यानं मूठभर तांदूळ आणून पाटापुढं ठेवले, सगळ्यांसारखे. कुणी हसलं नाही. धुळाजी सरकला आणि त्याला जागा दिली.

समाप्तीला नारळ फोडण्याआधी गुरव विचारतो की पोथी कुणाची, कारण पहिली वाटी त्या घरच्या माणसाला जाते, ही आपली रीत आहे. मी तोंड उघडणार होते, माझ्या माजघरात, माझ्या पाटावर, मीच वाचलेली. तेवढ्यात तुझा बाप उभा राहिला. त्यानं पागोटं सारखं केलं आणि सगळ्या माजघराला ऐकू जाईल असं म्हणाला, "माझ्या तानूची."

वाटी भिकूबरोबर धाडते आहे. खवून खा, बाईंना दे, त्या चाळीस पोरांना पुरवता आली तर पुरव. आणि परतीच्या गाडीनं नवं पुस्तक येऊ दे, दसऱ्याला लावायचं आहे. हैबत म्हणतो, आता खरं घडलेलं धाडायला सांग. कुठल्याही माणसाचं चालेल, बाईचं असलं तर बरं. सगळे भाग एकदम धाड.

तुझी आजी
सारजाबाई